अक्काच्या राजाची उडी

त्या सकाळी आमच्या भागात नळाला पाणी आलं होतं. सोलापुरात राहणाऱ्याला वेगळं सांगायला नको, पाणी आलं की घरातल्या बाईला फोन घ्यायचीही सवड नसते. दोनदा वाजून बंद पडला, तिसऱ्यांदा मात्र पदराला हात पुसत मी तो उचलला. पलीकडे महेश होता, अक्काचा मुलगा. "काकू, अक्का गेली," एवढंच म्हणाला. त्या घरात तिला आई कुणीच म्हणत नसे. मुलगा, सून, नातवंडं, दूधवाला, सगळ्यांचीच ती अक्का. मी बादल्या तशाच टाकून निघाले. पोचले तेव्हा तिला पुढच्या खोलीत भिंतीशी बसतं केलेलं होतं. त्यांच्या लिंगायत रीतीत गेलेल्या माणसाला आडवं ठेवत नाहीत, मांडी घालून बसवतात. कपाळावर विभूती, मान किंचित खाली झुकलेली… मनात आलं तेच लिहिते, मला ती बुद्धिबळाच्या पटापुढे बसल्यासारखी वाटली. खेळी सुचेपर्यंत ती अशीच बसायची, आणि तेवढ्या वेळात समोरच्यानं खोकलेलंही तिला खपायचं नाही. मी हुंदका आवरला तो त्या धाकानंच.

महानंदा बिराजदार हे अक्काचं नाव बुद्धिबळाच्या पुस्तकांत सापडणार नाही. जिल्ह्यातल्या बायकांमध्ये ती पहिली विजेती, आणि पुढे कितीतरी वर्षं ते पद तिच्याकडून कुणाला काढून घेता आलं नाही. तिच्या घरच्या चटईवर बसून शिकलेल्या मुली राज्यापर्यंत खेळल्या. ज्यांना हिशेब मांडायचाय त्यांनी तो जरूर मांडावा. माझ्या लेखी मात्र तिचा सगळ्यात मोठा डाव हा ती हरलेला एक डाव आहे, आणि त्या डावात तिच्यासमोर मी बसले होते.

सत्तरच्या दशकात आमच्या गावात बायकांसाठी पहिल्यांदा बुद्धिबळाची स्पर्धा ठेवली, तेव्हा सात रस्त्याजवळच्या एका शाळेच्या हॉलमध्ये आम्ही जेमतेम आठ-नऊ जणी जमलो होतो. त्यातल्या निम्म्या संयोजकांच्या घरच्याच, माणसं भरायला आणलेल्या. मी बी.ए. होऊन, नोकरीचे अर्ज टाकून घरी बसले होते. खेळ मला बाबांनी शिकवलेला. ते गिरणीत होते आणि तिथे जेवणाच्या सुट्टीत फरशीवर खडूनं पट आखून डाव रंगायचे. अक्का माझ्याहून आठ-दहा वर्षांनी मोठी, दोन मुलांची आई, कापडाच्या व्यापाऱ्याची सून. डोक्यावरून पदर, आणि मागे खुर्चीत काठीवर हात टेकून बसलेले तिचे सासरे. त्यांना सगळे अप्पा म्हणत. अप्पांनी दुकान मुलाच्या हाती दिलं आणि त्यांच्याबरोबर खेळणारे मित्र एकेक करून कमी होत गेले, तेव्हा दुपार जाईना म्हणून त्यांनी सुनेलाच पटापुढे बसवलं. सासऱ्याला तोंड वर करून 'शह' कसं म्हणायचं, म्हणून ती बांगड्या वाजवायची. अप्पांना ते पुरे व्हायचं. स्पर्धेतही तिनं माझ्या राजाला शह दिला तो बांगड्या वाजवूनच, आणि मी आपली वेड्यासारखी तिच्या हाताकडे बघत राहिले.

आम्हा दोघींचं जमलं त्याला कारण होतं. आम्ही दोघी देशी बुद्धिबळावर वाढलेल्या. देशी खेळात प्यादं पहिल्यांदाही एकच घर पुढे जातं, आणि राजाला हत्तीच्या आडोशाला नेऊन बसवणारा किल्लेकोट नसतो. त्याऐवजी राजाला एक सवलत असते. जोवर त्याला शह बसलेला नाही, तोवर डावात एकदाच त्याला घोड्यासारखी अडीच घरांची उडी मारता येते. अप्पांच्या घरी आणि बाबांच्या गिरणीत, दोन्हीकडे राजा असाच उडायचा. स्पर्धेच्या सरांनी आम्हाला फळ्यावर नवे नियम समजावून दिले, प्यादं दोन घरं कसं जातं, किल्लेकोट कसा करायचा, उडी आता बंद. आम्ही माना डोलावल्या. डोक्याला ते कळलं होतं, हाताला कळायचं होतं.

ती पहिली आली, मी दुसरी. दोघींना पुण्याला राज्याच्या स्पर्धेत जायचं होतं, म्हणून अप्पांनीच मला सांगितलं, रोज दुपारी घरी येत जा. मी बाबांना विचारलं. ते म्हणाले, जा, पण पाणी घरून पिऊन जा. आमच्या घरात भिंतीवर बुद्धाचा फोटो, त्यांच्या घरात देवघरात महादेव. बाबांनी आयुष्यभर काय काय सोसलं होतं ते मला ठाऊक होतं, म्हणून मी खरंच पाणी पिऊन गेले. अक्कानं दारातच हाताला धरून आत ओढलं. सासूबाई चौकटीत उभ्या राहून बघत होत्या. अक्कानं एका ताटलीत कडक भाकरीचे तुकडे आणि शेंगाचटणी आणली, पटाच्या बाजूला ठेवली, आधी मला घ्यायला लावलं आणि मग त्याच ताटलीतून स्वतः खाऊ लागली. कुणाशी भांडली नाही, कुणाला काही समजावलं नाही. "खेळ की गं तंगी, बघत काय बसलीस," म्हणाली. तंगी म्हणजे कन्नडमध्ये धाकटी बहीण. दुसऱ्या दिवसापासून मी घरून पाणी पिऊन गेले नाही, आणि महिन्याभरात सासूबाईच विचारू लागल्या, आज ती पोरगी आली नाही का म्हणून.

पुण्याला जायला मात्र सासूबाईंचा विरोध होता. अप्पांनी शब्द टाकला तेव्हा त्या तयार झाल्या, पण एका अटीवर. एकदाच जायचं, निवड झाली तर पुढे, नाही तर पुन्हा नाव काढायचं नाही. त्यामुळे अक्काला जे काही मिळवायचं होतं ते त्याच खेपेला. राज्याचा चार जणींचा संघ पुढे राष्ट्रीय स्पर्धेला बंगळूरला जाणार होता, आणि बंगळूर म्हटलं की अक्काचे डोळे चमकायचे. गाव बघायची हौस हे त्याचं कारण नव्हतं. तिचं माहेर अक्कलकोटचं. शाळेत पहिला नंबर असताना वडिलांनी तिला सातवीतून काढलं होतं. ते रोज सकाळी ओट्यावर बसून कन्नड पेपर मोठ्यानं वाचायचे. "बंगळूरला खेळले तर त्या पेपरात नाव येईल बघ," ती गाडीत मला म्हणाली, "आणि बाबांनी ते सगळ्या आळीला ऐकू जाईल असं वाचायला पायजे. मला दुसरं काय नको." मला काय हवं होतं ते तिनं विचारलं नाही, कारण तिला माहीत होतं. गिरणीत बाबांचं काम सुटण्याच्या बेतात होतं, आणि राज्याच्या संघात नाव आलं तर खेळाडू म्हणून मला नोकरी लागण्याची शक्यता होती.

पुण्यात आम्ही दोघीही बऱ्या खेळलो. इतक्या बऱ्या की शेवटच्या फेरीत आम्हीच एकमेकींसमोर आलो. संघातल्या तीन जागा ठरलेल्या होत्या. चौथी आमच्यातल्या जिंकणारीची. बरोबरी झाली तर मात्र ती दोघींच्या हातून जाऊन मुंबईच्या एका मुलीला मिळणार होती, म्हणजे आपसांत मिटवून घेण्याचीही सोय नव्हती. सकाळी धर्मशाळेत अक्कानं माझी वेणी घातली. अप्पा आम्हाला हॉलपर्यंत सोडायला आले आणि बाहेरच्या बाकावर जाऊन बसले, कारण दोघींपैकी कुणाच्या बाजूनं बघावं ते त्यांना कळत नव्हतं.

पांढरे मोहरे माझ्याकडे होते. मी सुरुवातीलाच जोर लावला, तिचा एक उंट मारला आणि मधल्या पट्टीवरून तिच्या राजावर चालून गेले. तिचा राजा अजून आपल्या मूळ घरातच होता. तिनं बराच वेळ मान खाली घालून विचार केला, मग राजा उचलला आणि तिचा उंट मरण्याआधी जिथे पुढे येऊन बसला होता त्या रिकाम्या घरात, कोपऱ्यातल्या हत्तीला तिरकं लागून नेऊन ठेवला. अडीच घरांची उडी. तिनं ती खेळ्या टिपायच्या कागदावर लिहून घेतली, मीही लिहून घेतली. माझ्या मनात काय आलं ते मला आजही आठवतं, सुटलीस की गं अक्का. तेवढंच. पुण्या-मुंबईच्या कुठल्याही मुलीनं तिथल्या तिथे हात वर केला असता. पण समोर मी होते, गिरणीच्या फरशीवर शिकलेली, आणि राजानं एकदा उडावं यात मला काहीच वावगं दिसलं नाही. पंच दोनदा आमच्या टेबलावरून गेले, त्यांनाही दिसलं नाही. कारण किल्लेकोट केलेला राजा नंतर हलत हलत तिथे येऊन बसतोच.

पुढच्या सात-आठ खेळ्यांत माझा हल्ला विरला. तिनं माझा एक घोडा खाल्ला, मग एक प्यादं. डाव तिचा होता, मला ते दिसत होतं आणि तिलाही. आता कोपऱ्यातला हत्ती बाहेर काढला की संपलं. तिनं हत्तीकडे हात नेला आणि तो हवेतच थांबला. तिनं हत्तीकडे पाहिलं, राजाकडे पाहिलं, पुन्हा हत्तीकडे. मला वाटलं, तिला आणखी काही चांगलं सुचलंय. ती पुटपुटली, "ह्यो हत्ती हललाच न्हाय… मग राजा हितं कसा?" तेव्हा कुठे माझ्याही डोक्यात उजेड पडला, किल्लेकोटात हत्तीही हलतो, हा राजा तर उडी मारून आला होता. पंच दूर होते, कुणी बघत नव्हतं. मी हळूच म्हटलं, "अक्का, राहू दे. माझी काही तक्रार नाही." खरंच नव्हती. तिनं घड्याळ थांबवलं आणि सरळ उभी राहिली.

"साहेब, हितं या. चूक झाली हाय, माझ्याकडनं."

पंचांनी दोघींचे कागद घेतले आणि एकेक खेळी मागे घेत डाव त्या उडीच्या आधीच्या जागी आणून ठेवला. घोडा माझ्याकडे परत आला, प्यादंही. राजाला हात लावला होता म्हणजे राजाच हलवायला हवा, आणि त्याला जायला एकच घर होतं, तिथे माझ्या पुढच्या माऱ्यातून तो सुटणार नव्हता. मी पटाकडे बघत बसले. डोळ्यांत पाणी आलं होतं, मोहरे नीट दिसत नव्हते. हाताशी आलेली नोकरी दिसत होती आणि तीच नको वाटत होती. माझ्या मनात काय चाललंय ते अक्कानं ओळखलं. तिनं पुढे वाकून, पंचांना ऐकू जाणार नाही इतक्या हळू सांगितलं, "नीट खेळ. मुद्दाम सोडलंस तर माझ्या दारात पाय ठेवू नको." मी नीट खेळले. ती हरली, तिनं माझा हात हातात घेतला, कागदावर सही केली आणि पदर सारखा करत बाहेर अप्पांकडे गेली. त्यांच्यात कन्नडमध्ये काय बोलणं झालं ते मला समजलं नाही. अप्पांनी कपाळावर हात मारून घेतला एवढं दिसलं. मग त्यांनी मला जवळ बोलावलं, म्हणाले, उडी मी शिकवली आणि भोगावं हिला लागलं. आता तू तरी बंगळूरला ताठ मानेनं खेळ.

त्यानंतरचा महिना मी विसरू शकत नाही. पुण्याहून परतल्यावर दोन दिवस मी तिच्याकडे गेले नाही, तोंड दाखवायचा धीर होईना. तिसऱ्या दिवशी महेशला पाठवून तिनं मला बोलावून घेतलं. पट मांडलेला, प्यादी दोन घरं पुढे सरकलेली. बंगळूरची तयारी तिनं माझ्याकडून करून घेतली. कुठून तरी जुनी मासिकं मिळवली, त्यातले डाव मांडले, माझी प्रत्येक आळशी खेळी परत घ्यायला लावली. कंटाळून मी जांभई दिली की "साकु?" विचारायची, म्हणजे पुरे का, आणि मी हो म्हटलं तरी ऐकायची नाही. ज्या जागेवर स्वतः बसायची आस होती त्या जागेसाठी दुसरीला इतकं घासूनपुसून तयार करणारी बाई मी पुन्हा पाहिली नाही. मला आईनं जन्म दिला हे खरं, पण माझ्यातली खेळाडू अक्कानं त्या महिन्यात घडवली.

बंगळूरला मी फार दिवे लावले असं नाही, पण एका नामांकित बाईंबरोबर बरोबरी केली आणि तिथल्या कन्नड पेपरात माझं नाव आलं. मला वाचता येईना. घडी करून तो अंक मी अक्काला आणून दिला. तिनं तो डोळ्यांजवळ धरला, बोट फिरवत नाव शोधलं आणि हसायला लागली, कारण छापणाऱ्यानं माझं आडनाव पार बदलून टाकलं होतं. पुढच्या रविवारी तो अंक घेऊन ती मला अक्कलकोटला घेऊन गेली. तिचे वडील ओट्यावर बसले होते. तिनं पेपर त्यांच्या मांडीवर ठेवला आणि वाचा म्हणाली. त्यांनी सवयीनं मोठ्यानं वाचलं, आळीला ऐकू जाईल असं. ही कोण, असं त्यांनी विचारलं तेव्हा ती म्हणाली, माझी तंगी. वडिलांनी माझ्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे पाहिलं… बराच वेळ पाहिलं. आत वळून आम्हाला जेवायला वाढायला सांगितलं. त्या दिवशी तिच्या मनात काय होतं ते मी कधी विचारलं नाही.

त्याच वर्षी मला नोकरी लागली, आणि बाबांची गिरणीतली चिंता मिटली. अक्कानं सासूबाईंना दिलेला शब्द पाळला. जिल्ह्याबाहेर ती पुन्हा खेळायला गेली नाही. सासूबाई गेल्यावरही नाही, म्हणाली आता मुलींना शिकवण्यातच मला जास्त मजा येते. विणकरांच्या तेलुगू बोलणाऱ्या मुली, मागच्या गल्लीतल्या उर्दू शाळेतल्या मुली, सगळ्या तिच्या चटईवर एकत्र भांडायच्या. प्रत्येकीला ती पहिल्याच दिवशी राजाची चाल दाखवायची, एक घर, फक्त एक घर, आणि मग माझ्याकडे बघून डोळे मिचकवायची. एकदा मी धीर करून विचारलं, अक्का, तेव्हा गप्प बसली असतीस तर? तिनं हातातली भाजी निवडणं थांबवलंही नाही. "तर काय… बंगळूरला जाऊन मी त्या हत्तीकडंच बघत बसले असते की."

गुरुवारी दुपारी आमचा डाव ठरलेला. तो मात्र देशी, अप्पांच्या लाकडी पटावर. नोकरी, लग्न, मुलं, माझी निवृत्ती, यांतून कितीतरी गुरुवार चुकले, पण मोडले नाहीत. देशी डावात राजाला उडी असते. मी ती बिनदिक्कत मारायचे. अक्कानं माझ्यासमोर पुन्हा कधी मारली नाही. राजा अडकला, डाव जायची वेळ आली, तरी ती एकेक घर सरकत राहायची आणि हरायची. मला ते दिसत होतं.

शेवटच्या दिवसांत ती अंथरुणाला खिळली. बोटांत जोर नव्हता, म्हणून सून सविता पलंगाशी बसून ती सांगेल तसे तिचे मोहरे हलवायची. सविताला खेळ येत नाही. वजीर कुठला, उंट कुठला, हे अक्काला बोटानं दाखवावं लागे. त्या गुरुवारी माझा डाव चांगला रंगला होता. तिचा राजा मी कोंडत आणला होता. ती पटाकडे बघत पडून राहिली, इतका वेळ की मला वाटलं डोळा लागला. मग सविताला म्हणाली, "राजा उचल… त्या दोन घरांवरनं पलीकडं. हां, तितं ठेव." सवितानं ठेवला. अडीच घरं. मी मान वर केली. अक्का माझ्याकडेच बघत होती.

"आता कुणाला बोलवायचं न्हाय मला," ती म्हणाली.

मी हसले, आणि हसता हसता मला रडू फुटलं. तीही हसत होती. मग थकली, हातानंच साकु केलं, आणि पुढच्या गुरुवारी पुढे खेळू असं ठरवून आम्ही पट तसाच तिवईवर ठेवला. पुढचा गुरुवार यायच्या आधी महेशचा तो फोन आला.

सगळे विधी उरकल्यावर एका गुरुवारी मी गेले, कारण पाय तिकडेच वळले. सवितानं चहा ठेवला आणि म्हणाली, "काकू, पट हाय तसाच हाय. पोरांना बी हात लावू दिला न्हाय. तुमची खेळी राहिलीय की." मी तिवईशी बसले. अक्काचा पलंग आवरून भिंतीला लावलेला होता. मी मनापासून विचार केला, ती नीट खेळ म्हणाली असती तसा. वजिरानं काही होतं का, घोड्यानं काही होतं का, सगळं पाहिलं. माझा सगळा हल्ला जिथे राजा होता तिथे रोखलेला होता, आणि राजा आता तिथे नव्हता. दोन खेळ्यांनी माझा वजीर जाणार होता. मी माझा राजा आडवा ठेवला. सवितानं विचारलं, म्हणजे काय झालं? मी सांगितलं, अक्का जिंकली.

मोहरे पेटीत भरूया का, असंही तिनं विचारलं. माझे आम्ही भरले. अक्काच्या काळ्यांना हात लावला नाही. अक्काचा राजा अजून तिथेच आहे, उडी मारून बसलेला.